स्थिर, स्थितिक की नुसताच 'करंट'?

संत्रानगरी (मानेवाडा, नागपूर), १४ डिसेंबर, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी. विषय म्हटला तर भाषेचा, म्हटला तर विज्ञानाचा. कुठल्या विभागात टाकावा कळेना, म्हणून इथेच टाकतेय.

लेक सातवीत आहे, मराठी माध्यम. विज्ञानाच्या पुस्तकात 'स्थितिक विद्युत' असा धडा आहे. काल अभ्यास घेताना मी सवयीने 'स्थिर विद्युत' म्हणाले, तर बाईसाहेबांनी लगेच टोकलं, "आई, स्थिर नाही, स्थितिक." सासरे पेपर वाचत बसले होते. त्यांची शाळा जबलपूरला, हिंदीतून झाली. ते म्हणाले, "आमच्या वेळी स्थिर-वैद्युत आवेश असायचा." तेवढ्यात सासूबाईंनी स्वेटर चढवून लोखंडी कपाटाला हात लावला, चट् आवाज झाला, आणि त्या ओरडल्या, "त्याले करंट म्हणतात! अन् तुमच्या कपाटात आहे तो!"

म्हणजे एका खोलीत तीन शब्द. माझे प्रश्न दोन. स्थिर आणि स्थितिक यांत खरंच काही फरक आहे का, की पुस्तकवाल्यांनी उगाच अवघड केलंय? दुसरा प्रश्न लेकीचा: "स्थिर आहे तर मग आजीच्या बोटावर उडी कशी मारली?" याला मी गप्प बसले.

---

गोदाकाठ, १४ डिसेंबर, रात्री १०.०५

आम्ही शाळेत 'स्थिर विद्युत' असंच शिकलो. फरक काही नसावा. सरकारी शब्द जेवढा लांब, तेवढा शास्त्रीय, हा आपल्याकडचा नियमच आहे.

---

इतवारीचा_भाऊ, १४ डिसेंबर, रात्री १०.२२

काय सांगू बाप्पा, 'स्थिर वीज' वाचून मले वाटलं कोणी वीज कंपनीची तक्रार करून राहिलं. आमच्या गल्लीत कुठची स्थिर वीज? बल्ब कधी मोठा होते, कधी लहान. स्टॅबिलायझर लावला तवा कुठं थोडी स्थिर झाली.

बाकी चटक्याचं म्हणाल तं मी रोज खाऊन राहिलो. इतवारीत साड्यांचं दुकान आहे. थंडीच्या दिवसात पॉलिएस्टरची साडी घडीतून उघडली का चरचर आवाज येते अन् पदर हाताले चिपकते. गिऱ्हाईक म्हणते, भाऊ, कपड्यात काही खराबी हाय का? आता त्याले स्थितिक म्हणून सांगू का?

---

रिकामा_न्हावी, १४ डिसेंबर, रात्री १०.३०

रुमाल टाकून ठेवतो. मास्तर आले की वाचायला येईन.

---

निवृत्त_मास्तर (आता मुक्काम धरमपेठ), १५ डिसेंबर, सकाळी ६.५०

आलो. पस्तीस वर्षं भौतिकशास्त्र शिकवलं आहे, त्यामुळे उत्तर लांबणार.

इतवारीच्या भाऊंनी विनोद केला, पण नेमकं दुखणं तेच आहे. 'स्थिर' हा शब्द मराठीत आधीच फार कामाला जुंपलेला आहे. बदलत नाही तो स्थिरांक. ढकललं तरी परत जागेवर येतो तो स्थिर समतोल. एकसारखी वाहत राहते ती स्थिर धारा. आता गंमत बघा, स्थिर धारा वाहते आणि स्थिर विद्युत वाहत नाही! विद्यार्थ्याने यातून काय समजायचं? म्हणून पदार्थ जागच्या जागी असतानाचा जो अभ्यास, त्याला परिभाषेत स्थितिकी म्हणायचं ठरलं आणि त्याची जोडीदार गतिकी. टेबल ढकलूनही हलत नाही तेव्हा जे घर्षण काम करतं, ते स्थितिक घर्षण. त्याच घरातली ही स्थितिक विद्युत. आठवीत गेल्यावर लेकीला 'धाराविद्युत' भेटेल. स्थितिक आणि धारा अशी ती जोडी आहे. बसलेली आणि वाहणारी.

तेव्हा गोदाकाठ, फरक आहे. 'स्थिर' चूक नाही, पण तो शब्द चार ठिकाणी नोकरी करतो.

'स्थितिक'चीही एक खोड आहे, तीही सांगतो. शेजारीच 'स्थितिज ऊर्जा' बसलेली आहे, उंचावर ठेवलेल्या दगडात असते ती. एका अक्षराचा फरक. दर वर्षी पाच-सहा उत्तरपत्रिकांत 'स्थितिज विद्युत' यायची. मी गुण कापले नाहीत कधी, पण खाली लाल शाईने 'क!' लिहायचो.

आता लेकीच्या प्रश्नाकडे. प्रश्न फार चांगला आहे, तिला माझ्याकडून शाबासकी सांगा. उत्तर असं, की उडी मारली तेव्हा ती स्थितिक राहिलीच नव्हती. स्वेटर घालताना लोकर आणि आतला नायलॉनचा कपडा एकमेकांना चिकटले, सुटले. त्यात काही इलेक्ट्रॉन इकडचे तिकडे गेले. आजींच्या अंगावर प्रभार (इंग्रजीत चार्ज) साचला आणि पायात रबरी चप्पल असल्याने त्याला जमिनीत जायला वाट मिळाली नाही. बसून राहिला. इथपर्यंत स्थितिक. बोट कपाटाजवळ गेलं, मधली हवा ताण सहन करीना, आणि ठिणगी पडली. ती ठिणगी म्हणजे विद्युत धाराच. सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाहूनही कमी वेळ टिकलेली, पण धारा.

सासूबाईंना माझा नमस्कार सांगा. 'करंट' म्हणजे धारा. जे बोटाला लागलं त्याला त्यांनी दिलेलं नाव शास्त्राच्या दृष्टीने सर्वांत बरोबर आहे. तुम्ही तिघं साचलेल्या गोष्टीचं नाव सांगत होतात, त्या सुटलेल्या गोष्टीचं.

---

संत्रानगरी, १५ डिसेंबर, सकाळी ९.१५

मास्तर, हे मोठ्याने वाचून दाखवलं. सासूबाई सकाळपासून कुणाला बोलू देत नाहीयेत.

---

पुणेकर_तूर्त_नागपुरात, १५ डिसेंबर, सकाळी ११.३०

माफ करा, पण 'घर्षणविद्युत' हा शब्द असताना ही कसरत कशाला? घासल्याने होते म्हणून घर्षणविद्युत. मुलांना चटकन कळतं. कंगवा केसांवर घासा, कागदाचे कपटे उचला, संपलं.

---

निवृत्त_मास्तर, १५ डिसेंबर, दुपारी १२.१०

संपत नाही ना. अंधाऱ्या खोलीत चिकटपट्टीचं रीळ झर्रकन ओढून बघा, सुटण्याच्या रेषेवर निळसर उजेड दिसू शकतो. तिथे कोण कोणावर घासतंय? दोन पदार्थ चिकटून सुटणं पुरतं. घासल्याने फक्त जास्त ठिकाणी स्पर्श होतो. शिवाय प्रभारित पट्टी नुसती जवळ आणूनही दुसऱ्या वस्तूत प्रभार इकडेतिकडे सरकवता येतो, त्याला प्रवर्तन म्हणतात. घर्षण हे एक कारण झालं. 'स्थितिक' हे अवस्थेचं नाव आहे, मग कारण कोणतंही असो. पाणी विहिरीचं की नळाचं हा एक प्रश्न, साठलेलं की वाहतं हा दुसरा.

---

राखेचा_माणूस (कोराडी रोड), १५ डिसेंबर, दुपारी २.४५

मास्तरांना अनुमोदन, आणि आमच्या रोजच्या कामातलं एक उदाहरण.

औष्णिक वीज केंद्राची उंच चिमणी लांबून दिसते. कोळसा जळला की बारीक राख धुरासोबत निघते. ती चिमणीत जाण्याआधी एका भल्यामोठ्या पेटाऱ्यातून जाते. आम्ही त्याला ईएसपी म्हणतो, म्हणजे इलेक्ट्रोस्टॅटिक प्रेसिपिटेटर, मराठीत स्थितिक अवक्षेपक. आत पत्र्यांच्या रांगा आणि मधोमध तारा टांगलेल्या असतात. तारांना दहा हजारांच्या काही पट व्होल्ट ऋण दाब दिलेला असतो. तारेभोवतीची हवा आयनित होते, म्हणजे तिचेच कण प्रभारित होतात, राखेच्या कणांवर प्रभार बसतो, ते पत्र्याकडे ओढले जाऊन चिकटतात. मग हातोडे ठराविक वेळाने पत्र्यांवर ठोकतात आणि राख खाली हॉपरमध्ये पडते. नीट चालला तर शंभरातले नव्याण्णवपेक्षा जास्त भाग राख इथेच अडते.

यात कुठेही घासाघीस नाही. आणि खरं सांगायचं तर पूर्ण 'बसलेलं'ही नाही, थोडी धारा सतत वाहत असते. तरी नावात स्थितिक आहेच, कारण राख ओढण्याचं काम प्रभारातलं आकर्षण करतं. फ्रेंच शास्त्रज्ञ कूलोमने १७८५ साली मोजलं तेच. अंतर दुप्पट केलं की बल चौथाई.

---

कोश_वाचक, १५ डिसेंबर, रात्री ८.२०

भाषेचा धागा विज्ञानवाल्यांनी पळवलेला दिसतोय, थोडा परत ओढतो.

आधी 'आवेश'. संत्रानगरी, तुमच्या सासऱ्यांचं बरोबर आहे. हिंदीत विद्युत आवेश म्हणतात, आजही हिंदी पुस्तकांत 'स्थिरवैद्युत विभव' वगैरे असतं. मराठीत आवेश म्हणजे वक्त्याच्या अंगात येतो तो, त्यामुळे आपण 'प्रभार' घेतला. जुन्या लिखाणात 'विद्युत् भार' असाही दिसतो, तोही त् चा पाय मोडून. पुढे शुद्धलेखनाच्या नियमांनी पाय मोडायचं थांबवलं आणि विद्युत सरळ उभी राहिली.

या शब्दांचा नागपूरशी संबंध आहे, तो बहुतेक नागपूरकरांना ठाऊक नसतो. डॉ. रघुवीर फाळणीच्या सुमाराला लाहोरहून आपली संस्था घेऊन नागपुरात आले. तेव्हा नागपूर मध्यप्रांत-वऱ्हाडची राजधानी, राज्य हिंदी-मराठी असं दुभाषी. संस्कृत धातू घ्यायचा, उपसर्ग लावायचा, प्रत्यय लावायचा आणि हवा तो पारिभाषिक शब्द घडवायचा, ही त्यांची पद्धत. त्यांचा मोठा इंग्रजी-हिंदी कोश १९५५ साली नागपूरहूनच निघाला. लोकांनी त्यातल्या शब्दांची टिंगल पुष्कळ केली, अजूनही करतात. मला स्वतःला ती टिंगल अर्धीच पटते. जीभ अडखळते हे खरं. पण स्थितिक, स्थितिकी, स्थितिज, गतिकी, गतिज अशी सगळी भावंडं एका चेहऱ्याची निघतात ती अशाच पद्धतीमुळे. 'करंट'पासून पुढचा शब्द काय घडवाल?

आता माझा खरा मुद्दा. 'वीज' हा शब्द आला 'विद्युत्'वरून, आणि विद्युत् म्हणजे आभाळात चमकणारी. ढगातले बर्फाचे कण एकमेकांवर आपटून प्रभार वेगळे होतात, साचतात आणि कडाडून उतरतात. म्हणजे मुळात आपली 'वीज' हीच स्थितिक! सासूबाईंच्या कपाटावरची ठिणगी हे तिचंच शेंडेफळ. बल्ब पेटवणारी वीज फार नंतर आली आणि तिने घराचं नाव बळकावलं. मग मूळ मालकिणीला ओळखपत्र काढावं लागलं, 'स्थितिक' नावाचं. मोबाईल आल्यावर घरच्या साध्या फोनला 'लँडलाईन' म्हणावं लागलं, तसंच.

युरोपातही हेच झालं. राळेच्या खड्याला, म्हणजे अंबरला, ग्रीक शब्द इलेक्ट्रॉन. तो घासला की काड्या ओढतो. त्यावरून १६०० साली इंग्लंडच्या गिल्बर्टने 'इलेक्ट्रिकस' शब्द केला. पुढची दोनशे वर्षं जी काही वीज अभ्यासली गेली ती सगळी साचलेलीच, त्यामुळे वेगळ्या विशेषणाची गरज नव्हती. १८०० साली व्होल्टाने सतत धारा देणारी चळत, म्हणजे पहिली बॅटरी, केली तेव्हा जुनी आणि नवी असा भेद पडला. दोन्ही एकच गोष्ट आहे का यावर बराच वाद चालला, तो १८३३ मध्ये फॅरडेने प्रयोगांनी मिटवला. एकच आहे.

आणि अंबरला आपल्याकडे काय म्हणतात? तृणमणी. गवत ओढणारा मणी. फारसीत कहरुबा, अर्थ तोच, काडी पळवणारा. त्याच कहरुबावरून अरबीत आज विजेला 'कहरबा' म्हणतात. आपल्याकडे तृणमणी होता, पण विजेचं नाव आपण त्याच्यावरून घेतलं नाही, आभाळावरून घेतलं.

---

बाबूगिरी_संपली, १५ डिसेंबर, रात्री ९.०२

'प्रभार' शब्दावर आमचा आक्षेप नोंदवून घ्यावा. नोकरीत दोन वर्षं माझ्याकडे दुसऱ्या टेबलचा अतिरिक्त प्रभार होता. स्थितिकच होता म्हणा, कारण फायली जागच्या हलत नव्हत्या.

---

इतवारीचा_भाऊ, १५ डिसेंबर, रात्री ९.१०

हाहाहा! अन् ठिणगी कवा पडे? साहेब आले का?

---

पुणेकर_तूर्त_नागपुरात, १६ डिसेंबर, सकाळी १०.४०

तृणमणी आवडला. घर्षणविद्युत मागे घेतो.

पण एक शंका आहे, आणि ती खास नागपूरची आहे. हा त्रास कोरड्या हवेत होतो म्हणतात. मी इथे दोन उन्हाळे काढले. मे महिन्याच्या दुपारी ४५ अंशांत नाकातलं रक्त यावं इतकी कोरडी हवा असते, डिसेंबरपेक्षा कितीतरी कोरडी. मग चटके थंडीतच का बसतात? मेमध्ये तर नागपूरकरांनी एकमेकांशी हस्तांदोलनही करू नये.

---

निवृत्त_मास्तर, १६ डिसेंबर, सकाळी ११.२५

वा! हा प्रश्न पस्तीस वर्षांत मला वर्गात कुणी विचारला नाही.

हवा कोरडी हवी हे खरं, कारण दमट हवेत वस्तूंवर पाण्याचा अतिसूक्ष्म थर बसतो आणि प्रभार त्यातून हळूच पसरून निघून जातो. पण मेमध्ये तुम्ही घालता काय? सुती बनियन, सुती सदरा. अंगाला घाम, म्हणजे कातडीवर मिठाचं पाणी. आणि घरात? कूलर! वाळ्याच्या ताट्यांतून दिवसभर पाणी शिंपडलेली हवा. बाहेर कितीही कोरडं असो, खोलीत आपण पावसाळा करून बसतो. हिवाळ्यात कूलर माळ्यावर जातो, लोकरी स्वेटर आणि रोवेदार नायलॉनचं ब्लँकेट खाली येतं, कातडी कोरडी होऊन तडकते. हवेचा आकडा एकटा काही करत नाही, पांघरूण मधे येतं.

---

सरकी_रुई, १६ डिसेंबर, दुपारी १.१५

सुती कपड्याला सगळे चांगलं म्हणून राहिले म्हणून लिहितो. हिंगणघाटकडे जिनिंगमध्ये कामाला आहे. हंगामाच्या शेवटी, फेब्रुवारी-मार्चनंतर कापूस पार वाळून येतो. तेव्हा हाच सुती कापूस त्रास देतो. रुई रोलरला चिकटते, पत्र्याला चिकटते, पुढे सरकत नाही. मग पाण्याचा बारीक फवारा मारावा लागतो. धागाही तुटतो कोरड्यात. नागपूरच्या एम्प्रेस मिलमध्ये जुन्या काळी हवा दमट ठेवायची यंत्रं होती, असं आमचे आजोबा सांगत.

म्हणजे कापूस चांगला नाही, कापसातलं पाणी चांगलं. सात-आठ टक्के ओल असली की तो गुणाचा.

---

कोश_वाचक, १६ डिसेंबर, दुपारी १.४०

वा, सरकी_रुई! मास्तरांच्या उत्तराला गाठ मारलीत.

---

आई_ग, १६ डिसेंबर, दुपारी ३.००

सगळं वाचलं. मला फक्त एवढं सांगा, हे धोकादायक आहे का? माझा मुलगा प्लास्टिकच्या घसरगुंडीवरून उतरला की केस उभे असतात आणि मला हात लावला की दोघांना चटका. पोटात गोळा येतो.

---

राखेचा_माणूस, १६ डिसेंबर, दुपारी ३.३५

अंगाला नाही, ताई. हवेत एक सेंटिमीटर ठिणगी पडायला साधारण तीस हजार व्होल्ट लागतात. तीन मिलिमीटरची पडली तर नऊ-दहा हजार व्होल्ट झाले. ऐकायला भयंकर, पण साचलेला प्रभार अगदी थोडा असतो. पाचव्या मजल्यावरून चमचाभर पाणी डोक्यावर पडलं तर उंची खूप, पाणी किती? घरच्या सॉकेटमध्ये दाब २३० व्होल्टच, पण मागे अख्खी नदी आहे. तिथे मात्र खेळ नको.

धोका आहे तो पेट्रोलच्या वाफेजवळ. ती पेटायला एक मिलिज्यूलचा चौथा भागही पुरतो आणि तुमच्या चटक्यात त्याच्या कितीतरी पट ऊर्जा असू शकते. म्हणून टँकर रिकामा करताना आधी अर्थिंगची क्लिप लावतात. पूर्वी टँकरच्या मागे साखळी लोंबत जायची ती याचसाठी. पंपावर कॅनमध्ये पेट्रोल घ्यायचं असेल तर कॅन जमिनीवर ठेवून भरा, गाडीत ठेवून नको.

आणि आभाळातल्या थोरल्या बहिणीशी तर अजिबात सलगी नको. आपल्या विदर्भात दर पावसाळ्यात शेतात माणसं जातात. गडगडाट ऐकू आला की झाड सोडा, पक्कं घर गाठा.

---

रिकामा_न्हावी, १६ डिसेंबर, दुपारी ४.१०

चटका लागू नये म्हणून काय करायचं ते कुणी सांगितलंच नाही अजून.

---

निवृत्त_मास्तर, १६ डिसेंबर, सायंकाळी ५.३०

राहिलंच. हातात किल्ली घट्ट धरा आणि तिचं टोक आधी लोखंडाला लावा. ठिणगी किल्लीवर पडते. धारा तुमच्यातूनच जाते, पण बोटाच्या टोकावर एका बिंदूत न घुसता तळव्यावर पसरून जाते, म्हणून कळत नाही. गाडीतून उतरताना दाराची धातूची चौकट हातात धरूनच उठा. सीटवरून उठताना प्रभार तेवढाच राहतो पण सीटपासून अंतर वाढतं, त्यामुळे दाब चढतो. चटका बसल्या जागी लागत नाही, उठल्यावर लागतो तो म्हणून.

---

संत्रानगरी, १८ डिसेंबर, रात्री ८.५०

सर्वांचे आभार. आज वर्गात बाईंनी विचारलं, स्थितिक विद्युत म्हणजे काय. लेकीने सांगितलं, "प्रभार बसलेला असतो तोवर स्थितिक, उठला की करंट." बाई हसल्या आणि म्हणाल्या, करंट नको, धारा म्हण.

घरी येऊन हे सांगितलं तर सासूबाई रुसल्या आहेत. पण कपाट उघडताना आता कमरेची किल्ली आधी कड्याला लावतात.

---

इतवारीचा_भाऊ, १८ डिसेंबर, रात्री ९.१५

किल्लीचं दुकानात करून पाह्यलं. जमते बाप्पा! पण साडीले किल्ली कुठं लावू? पदर अजून चिपकून राहिला.

---

सरकी_रुई, १८ डिसेंबर, रात्री ९.४०

फवारा मारा, भाऊ. बारीक. डाग पडू देऊ नका.